घुमटावर सिमेंट चढवण्याआधी

पावसाळ्यात जुन्या मशिदीच्या घुमटाखाली ओल उमटते. जुम्याच्या नमाजाला बसलेल्या माणसांच्या खांद्यावर चुन्याचे पापुद्रे पडू लागतात. कमिटी बसते, वर्गणी निघते, बाहेरगावी कमावणारा कुणीतरी मोठी रक्कम देतो आणि रमजानच्या आत काम उरकायचे ठरते. घुमटावर तीन इंच सिमेंट काँक्रीट, त्यावर चायना मोझॅक, आतून ऑइल पेंट, भिंतींना चार फुटांपर्यंत टाइल्स, खाली ग्रॅनाइट. मशीद झळकायला लागते. तिसऱ्या-चौथ्या पावसाळ्यात ओल परत येते, आणि या वेळी ती टाइल्सच्या वर, छातीच्या उंचीला दिसते. मग पुन्हा वर्गणी.

सोलापूर आणि आसपासच्या तालुक्यांतल्या जुन्या मशिदी पाहिल्या, तर दुर्लक्षापेक्षा अशा जीर्णोद्धारानेच जास्त वास्तू गेल्याचे दिसते. यात कुणाचा हेतू वाईट नसतो. मठांचे, समाध्यांचे, वाड्यांचेही असेच होते. तरी मशिदीचा विचार वेगळा करावा लागतो, कारण तिचे बांधकाम वेगळ्या जातीचे आहे. आपल्याकडच्या हेमाडपंती देवळात घडीव दगड चुन्याशिवाय, कोरडेच एकमेकांत बसवलेले असतात. खांबावर तुळई, तुळईवर फरशी, असा भार सरळ खाली उतरतो. मशिदीची कमान आणि घुमट मात्र बाजूला रेटा देतात. तो रेटा सांभाळणारे सांधे चुन्याचे असतात. देवळावर सिमेंट थापले तर ते आधी कुरूप होते. मशिदीवर थापले तर तिच्या उभे राहण्याचा हिशोबच बदलतो.

म्हणून मागणी अशी की चुन्यात बांधलेल्या जुन्या मशिदीच्या दुरुस्तीत सिमेंट वापरू नये, आणि दुरुस्तीचा पैसा, मग तो सरकारी योजनेतला असो की लोकवर्गणीतला, या अटीशिवाय देऊ नये. मागणी हट्टी वाटेल. तिच्यामागचा हिशोब पाहायला सोलापूरहून दोनेक तासांवर जावे लागते.

सुफी संत ख्वाजा बंदेनवाजांच्या उरुसाला सोलापूरकर गुलबर्ग्याला पिढ्यान् पिढ्या जातात. किल्ल्यातली जामा मशीद मात्र बऱ्याच जणांची राहून जाते. बहमनी राज्य स्थापन झाले १३४७ मध्ये. वीस वर्षांनी, १३६७ मध्ये, मुहम्मदशहा पहिला गादीवर असताना ही मशीद उभी राहिली. बांधणाऱ्याचे नाव शिलालेखात आहे: इराणमधल्या कझ्वीनचा रफी. लांबी सुमारे २१६ फूट, रुंदी १७६ फूट, म्हणजे अडतीस हजार चौरस फुटांच्या घरात, आणि सगळी जागा छताखाली. मशिदीला एरवी असते ते उघडे अंगण इथे नाही, मीनारही नाहीत. हिंदुस्थानात अशी पूर्ण झाकलेली मोठी मशीद विरळाच.

छत एवढे मोठे, पण आत लाकडाची किंवा दगडाची लांब तुळई नाही. मेहराबीपुढे, म्हणजे मक्केची दिशा दाखवणाऱ्या कोनाड्यापुढे, एक मोठा घुमट, चार कोपऱ्यांत चार मध्यम घुमट, मधल्या भागात साठाहून अधिक छोटे घुमट ओळीने, आणि तीन बाजूंना रुंद कमानींच्या ओवऱ्या. छोटा घुमट शेजारच्या घुमटाला जेवढा रेटतो तेवढाच शेजारचा त्याला उलट रेटतो. रेट्याला रेटा भिडून मधले खांब फक्त खाली जाणारा भार घेतात, म्हणून ते साधे चौकोनी ठेवता आले. उरतो तो सगळ्यात बाहेरच्या ओळीचा रेटा, आणि त्यासाठी ओवऱ्या आहेत. त्यांच्या कमानी विलक्षण खालून सुटतात. माणूस शेजारी उभा राहिला तर कमान जमिनीतूनच निघाल्यासारखी वाटते. छायाचित्रकारांना हे फार आवडते, पण त्यामागे व्यवहार आहे: रेटा जितका खाली उतरेल तितकी बाहेरची भिंत उलथण्याची भीती कमी.

आता या रांगेतल्या एकाच गळक्या घुमटावर काँक्रीट चढवले असे समजू. बाहेरून दहा फूट व्यासाचा अर्धगोल घुमट घेतला तर त्याचा बाहेरचा पृष्ठभाग होतो सुमारे १४ चौरस मीटर. तीन इंच काँक्रीटचे वजन दर चौरस मीटरला १८० किलोच्या आसपास. म्हणजे अडीच टन. विटा-चुन्याच्या एक फूट जाडीच्या त्याच घुमटाचे स्वतःचे वजन सहा टनांच्या आसपास असते. चाळीस टक्के ओझे एका दुपारी वाढले, तेही एकाच घुमटावर. शेजारच्या घुमटाने पूर्वीइतकाच उलटा रेटा द्यायचा आणि याने मात्र जवळपास दीडपट रेटायचे. कमानीच्या माथ्याशी केसासारखी चीर दिसली की कमिटी ठेकेदाराला बोलावते, आणि तो त्या चिरेत सिमेंट भरतो.

गुलबर्ग्याच्या मशिदीला केंद्रीय पुरातत्त्व खात्याचे संरक्षण आहे, तिच्यावर असा प्रयोग कुणी करणार नाही. पण याच पद्धतीच्या, तीन घुमटांच्या किंवा पाच कमानींच्या छोट्या मशिदी गावोगावी आहेत आणि त्यांना कुणी विचारत नाही.

विजापूरच्या जामा मशिदीत हीच विद्या दोनशे वर्षांनी पुढे गेलेली दिसते. पहिल्या अली आदिलशहाने, १५६५ च्या तालिकोटच्या विजयानंतर, ती बांधायला घेतली. ती पुरी झाली नाही, नियोजित मीनार राहूनच गेले, आणि पूर्वेचा दरवाजा औरंगजेबाच्या काळातला. नमाजाचे दालन नऊ कमानी रुंद आणि पाच कमानी खोल आहे. मधल्या घुमटाखाली एकमेकांना छेदणाऱ्या कमानींची जाळी आहे: दोन चौरस एकमेकांवर तिरके ठेवावेत तशी. त्यातून आठ कोन तयार होतात, वर गोल बैठक मिळते, आणि कमानींचे आत झुकलेले वजन घुमटाच्या बाहेर जाऊ पाहणाऱ्या रेट्याला मागे ओढते. विजापूरच्याच 'गोल घुमट' या मकबऱ्यात १६५६ च्या सुमारास हीच युक्ती आतून सुमारे १२४ फूट व्यासाच्या घुमटाखाली वापरली गेली. हे सारे चुन्यात आहे. त्यात लोखंडी सळई नाही.

चुना अशा सांध्यात उशीसारखा वागतो. पाया दोन सूत बसला, उन्हाने दगड फुलला, तर चुन्याचा सांधा थोडा सरकतो, बारीक चिरा पाडून घेतो. त्या चिरांतून पाणी झिरपताना थोडा चुना विरघळतो आणि चिरेतच पुन्हा बसतो. सिमेंटला हे जमत नाही. ते लवकर घट्ट होते आणि घट्टच राहते. हलायची वेळ आली की ते स्वतः तडकते किंवा शेजारच्या विटेला तडकवते. सोलापूरच्या उन्हाळ्यात पारा ४३-४४ अंशांवर जातो, रात्री बराच उतरतो. काँक्रीट बेसॉल्टपेक्षा जास्त फुलते आणि जास्त आकसते. वरचा थर आणि खालचा घुमट रोज वेगवेगळ्या मापाने हलू लागले की दोघांमध्ये फट पडते. त्या फटीत गेलेले पाणी बाहेर येत नाही. काही ठिकाणी मजबुतीसाठी कोंबडीजाळी घालतात. ती गंजते, गंज मूळ लोखंडापेक्षा कितीतरी जागा मागतो, आणि थर पोपडे धरून सुटतो.

जाणकार अभियंत्याने हिशोब करून घुमटाच्या बुडाशी दिलेला पोलादी पट्टा वेगळा. काही घुमट त्याने वाचले आहेत. पण त्यासाठी आधी रेटा मोजावा लागतो, आणि ज्या कामात मोजपट्टीही लावलेली नाही त्या कामाला ही सबब लागू होत नाही.

भिंतीची कथा छतापेक्षा वाईट आहे, कारण ती उशिरा कळते. आपल्या भागातली जुनी जाड भिंत एकसंध नसते. बाहेर घडीव काळ्या दगडाचा एक थर, आत दुसरा, आणि मध्ये चुन्यात टाकलेली दगडगोट्यांची भर. चार फुटांच्या भिंतीत दोन फूट तरी ही भर असते. पाणी वरून गच्चीतून येते, खालून जमिनीतून चढते, आणि जुन्या चुन्याच्या दर्जांमधून, म्हणजे दगडांमधल्या सांध्यांमधून, वाफ होऊन निघून जाते. दर्जा सिमेंटने भरल्या की बाहेर पडायची वाट बंद. दगड छानच दिसतो, बेसॉल्टला काही होत नाही. आतल्या भरीतला चुना मात्र वर्षानुवर्षे भिजत राहतो, धुपतो, भर खाली बसते आणि बाहेरचा थर ढेरी आल्यासारखा पुढे येतो. भिंतीला पोट सुटले असे गवंडी म्हणतात. तोपर्यंत उशीर झालेला असतो. ओळंबा लावून वर्षातून एकदा पाहिले असते तर अर्ध्या इंचावरच कळले असते.

टाइल्सचेही तेच. जमिनीतून चढणारी ओल जिथे वाफ होऊन निघते तिथे क्षार मागे ठेवते. तोच लोणा. चार फुटांची टाइल लावली म्हणजे लोणा चार फुटांच्या वर लागणार, एवढाच बदल. वरचा ऑइल पेंट मग फुगतो, सुटतो, आणि दोष रंगाच्या कंपनीला जातो.

यात भर घालतो वजूखाना, म्हणजे नमाजाआधी हात-पाय-तोंड धुण्याची जागा. जुन्या बांधणीत पाण्याचा हौज इमारतीपासून सुटा, उघड्यावर असायचा. आता जागा वाचवायला नळांची रांग थेट मशिदीच्या भिंतीला टेकवतात. दिवसातून पाच वेळा पाणी पडते, सांडपाण्याचा पाइप सांध्यात गळतो आणि पायथा बारमाही ओला राहतो. छतावर लाखो रुपये घालण्याआधी ही नळांची रांग भिंतीपासून निदान आठ-दहा फूट लांब नेली आणि उघडी, उताराची गटार दिली तर कितीतरी मशिदींची निम्मी ओल दोन उन्हाळ्यांत सुकेल. खर्च प्लंबरचा. पण या कामाचे उद्घाटन करता येत नाही, म्हणून ते होत नाही.

चुन्याचे काम करायचे म्हणजे नेमके काय, हे नीट माहीत नसल्याने लोक त्याला घाबरतात. चुनखडी भट्टीत साधारण ९०० अंशांवर भाजली की तिचे वजन चाळीसेक टक्के कमी होते, आणि उरतो कळीचा चुना. तो पाण्यात टाकला की उकळतो, फुटतो. ही वेळ जपून राहण्याची: डोळ्यांना चष्मा, हाताला रबरी मोजे, आणि नेहमी पाण्यात चुना टाकायचा, चुन्यावर पाणी ओतायचे नाही. विरवलेला चुना चाळणीतून गाळून खड्ड्यात किंवा टाकीत पाण्याखाली ठेवायचा. निदान तीन आठवडे, जमल्यास तीन महिने. घाई केली तर न विरलेले खडे गिलाव्यात राहतात आणि सहा महिन्यांनी फुलून गिलाव्याला फोडासारखे उडवतात. बाजारातल्या पिशवीतला, रंगाला वापरतात तो चुना कधीचा हवा खाऊन मेलेला असतो. 'चुना लावून पाहिला, टिकला नाही' म्हणणाऱ्यांनी बहुतेक तोच लावलेला असतो.

गिलाव्याचे प्रमाण साधारण एक भाग चुना, एक भाग सुरखी, दोन भाग धुतलेली वाळू. सुरखी म्हणजे नीट भाजलेल्या विटांचा भुगा. कच्ची वीट वापरली तर ती नुसती माती ठरते. सुरखीमुळे चुना ओलाव्यातही घट्ट होतो. काळ्या मातीत सापडणाऱ्या आपल्या चुनखडीच्या खड्यांत मातीचा अंश असतोच, त्यामुळे त्यांचा चुना मुळातच पाण्याला टिकणारा. मिश्रण चुन्याच्या घाण्यात दोन-तीन तास मळायचे. बैलाचा घाणा आता नसला तरी मोटरची चक्की मिळते. काँक्रीटच्या मिक्सरने मात्र काम भागत नाही: तो ढवळतो, मळत नाही. गूळ, बेलफळ, हिरड्याचे पाणी यांचे कौतुक फार होते. ते उपयोगी आहेत, पण बेताने. गूळ जास्त झाला तर चुना आळायला दिवस लावतो आणि मुंग्या येतात.

लावण्याआधी भिंत पाण्याने पुरती भिजवायची. थर अर्ध्या इंचाहून जाड नको, दोन थरांमध्ये आठवडाभर तरी थांबायचे, तोवर प्रत्येक थर ओल्या गोणपाटाखाली दमट ठेवायचा, शेवटचा दोन आठवडे. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड पिऊन पुन्हा दगड होतो, त्याला वेळ आणि ओलावा दोन्ही लागतात. सोलापुरात एप्रिल-मेमध्ये हे काम काढणे म्हणजे चुना भाजणे. दिवाळी ते माघ हा योग्य काळ. आणि पाणी बोअरचे खारे नको. ज्या पाण्याने गिझरला पापुद्रे धरतात त्याच पाण्यात चुना कालवला तर लोण्याची सोय आपणच केली.

यावर उत्तर ठरलेले असते: हे सगळे ठीक, पण चुन्याचे गवंडी आता कुठे आहेत? आहेत. पुरातत्त्व खात्याच्या विजापूर-गुलबर्ग्याच्या कामांवर ते वर्षानुवर्षे राबतात. गावातल्या गवंड्याला हे काम दोन महिन्यांत शिकता येते. त्याला ते कुणी देत नाही, म्हणून त्याचा हात बसत नाही. दुसरे उत्तर असते की जुन्या लोकांकडे सिमेंट असते तर त्यांनी तेच वापरले असते. पोर्टलँड सिमेंटचे पेटंट इंग्लंडमध्ये १८२४ साली घेतले गेले हे खरे. पण पाण्यात टिकणारा मसाला हवा म्हणून कुणी तोवर थांबले नव्हते. नळदुर्गला जाऊन पाहावे. बोरी नदीवरचा बंधारा आणि त्याच्या पोटातला पाणी महाल दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात, १६१३ मध्ये झाला. चारशे वर्षे त्यावरून पूर जात आहेत. गंमत अशी की गुलबर्ग्याच्या पुढे शहाबाद-वाडीच्या ज्या पट्ट्यात चुनखडीचा दगड आहे तिथेच आज सिमेंटचे कारखाने उभे आहेत. दगड तोच, भट्टी वेगळी.

तिसरा आक्षेप खर्चाचा, आणि तो खरा आहे. चुन्याच्या कामाला मजुरी जास्त लागते आणि वेळ तिप्पट लागतो. पण ज्या घुमटाला दर आठ-दहा वर्षांनी नवा थर चढतो त्याचा तीस वर्षांचा खर्च मांडून पाहावा, आणि शेवटी पुन्हा सगळे फोडायचे आहे हेही त्यात धरावे. सिमेंट काढताना जुना दगड-विटा त्याच्याबरोबर निघतात.

कायद्याचा आधार कितपत? १९५८ चा केंद्राचा आणि १९६० चा राज्याचा पुरातत्त्व कायदा आहे. संरक्षित वास्तूभोवती १०० मीटरपर्यंत नव्या बांधकामाला बंदी आणि त्यापुढे आणखी २०० मीटरपर्यंत परवानगीची अट, हे २०१० च्या दुरुस्तीने पक्के झाले. पण हे सारे यादीतल्या वास्तूंना. सोलापूरचा भुईकोट किल्ला संरक्षित आहे. पेठेतली, वेशीजवळची, गावाबाहेरच्या ईदगाहशेजारची मशीद बहुधा कुठल्याच यादीत नसते. आणि यादीत नसणे तिच्या मुतवल्लींना, म्हणजे व्यवस्था पाहणाऱ्यांना, बरेही वाटते, कारण यादी म्हणजे परवानग्यांचा ससेमिरा. हे त्यांचे म्हणणे चुकीचे नाही. म्हणूनच कायदा आणखी कडक करण्यापेक्षा पैशाला अट घालावी. अंदाजपत्रकात सिमेंटच्या कामाच्या ओळी तयार असतात, चुन्याच्या नसतात, म्हणून कनिष्ठ अभियंता सिमेंटच लिहितो. ती ओळ घालणे हे दरसूची ठरवणाऱ्यांचे काम आहे, त्याला नवा कायदा लागत नाही. कमिटीनेही निविदेच्या आधी मोजमाप, नकाशा आणि प्रत्येक भिंतीची छायाचित्रे करून घ्यावीत. हे एका आठवड्याचे काम आहे.

छायाचित्रांचा आग्रह आणखी एका कारणासाठी. विजापूरची करीमुद्दीन मशीद १३२० ची. तिचे खांब जुन्या देवळांचे आहेत हे कुणालाही दिसते. तिथल्या नागरी लेखात रेवोया या कारागिराचे नावही आहे. म्हणजे कोणत्या हातांनी, कोणत्या दगडांत, कोणत्या साली बांधली, हे ती मशीद स्वतःच सांगते. जुन्या मशिदींवरून आज ज्या चढ्या आवाजात वाद होतात, त्यात अशा एखाद्या लेखाची किंमत शंभर भाषणांपेक्षा जास्त आहे. आणि नेमके तेच लेख जीर्णोद्धारात हिरव्या ऑइल पेंटखाली जातात, पाथरवटांच्या खुणा टाइल्सच्या मागे गाडल्या जातात. दोन्ही बाजूंना इतिहास हवा असतो असे म्हणतात. मग त्याचा कागद पुसला जाताना दोन्ही बाजू गप्प का, हा प्रश्न विचारायला हवा.

ज्यांनी आधीच सिमेंट चढवले आहे त्यांनी काय करावे? घाईने फोडू नये. ब्रेकर मशीन तर नकोच, तिच्या हादऱ्याने खालचा घुमटच ढिला होतो. आधी वजूखाना हलवावा, पन्हाळी मोकळ्या कराव्यात, घुमटांच्या बेचक्यात साचलेली माती काढावी. पिंपळाचे रोप ओढू नये, कापून मुळाशी औषध भरावे. ओढले की मुळांबरोबर दगड येतो. भिंतीच्या टाइल्स एका बाजूच्या, एका कमानीपुरत्या काढून एक हंगाम पाहावे. सुटलेले सिमेंट छिन्नी-हातोडीने, हाताने, थोडे थोडे काढावे; घट्ट चिकटलेले असेल तिथे अभियंत्याला विचारून मगच हात लावावा. यंदा दुरुस्ती काढायची असेल तर चुना जूनमध्ये भिजत घालावा. पावसाळाभर गच्चीवर उभे राहून पाणी कुठून आत येते ते खडूने खुणा करून ठेवावे, आणि दिवाळीनंतर, त्या खुणांवरच, पहिली थापी मारावी.